12 संकरित गायी, पत्र्याचा गोठा आणि नागपूरचा मे महिना

कळमेश्वर तालुक्यातल्या एका तरुण शेतकऱ्याने विचारलंय : “डॉक्टरसाहेब, माझ्याकडे 12 होल्स्टिन संकरित गायी आहेत, त्यातल्या 8 दुधात. 2 म्हशी आणि एक बैलजोडी. गोठा पत्र्याचा, तीन बाजूंनी भिंत, खाली काँक्रीट, ढोरं दिवसरात्र दावणीला. प्रशिक्षणात पशुकल्याण, मुक्त गोठा, पंखे-फवारे असं बरंच सांगितलं. बाबूजी म्हणतात, हे पोट भरलेल्या लोकांचे चोचले. डेअरीवर लिटरला 32 रुपये मिळतात. पंखे-फवाऱ्याचं कोटेशन काढलं, 38 हजार निघालं. यातलं खरंच काय परवडतं? आणि गोऱ्ह्यांचं, म्हणजे नर वासरांचं, काय करू? लहान भाऊ ब्रॉयलरचं शेड टाकायचं म्हणतोय, त्यावरही सांगा.”

भाऊ, तुमच्या बाबूजींचं अर्धं म्हणणं खरं आहे. जनावराच्या सुखासाठी केलेला काही खर्च कधीच परत येत नाही. फक्त तो पंखे-फवाऱ्याचा नव्हे. ते ज्याला चोचले म्हणतात त्यातलं बहुतेक सगळं दुधातून वसूल होतं. ज्याचा पैसा परत येत नाही त्या गोष्टी म्हणजे गोऱ्हा, भाकड गाय आणि म्हातारी गाय, आणि त्यांच्याबद्दल प्रशिक्षणात कोणी तोंड उघडत नाही. मी आधी उन्हाचं सांगतो, कारण नागपूरकडे सगळं तिथूनच सुरू होतं.

होल्स्टिन ही थंड देशातली गाय. संकर झाला तरी रक्त जितकं जास्त तितकं तिला ऊन कमी सोसतं. तापमान आणि आर्द्रता एकत्र धरून एक निर्देशांक काढतात. तो 72 च्या वर गेला की दुधाळ गायीला ताण सुरू होतो. आता आपल्याकडचे दोन दिवस घ्या. मे महिन्यातली दुपार, 44 अंश, हवा कोरडी, आर्द्रता 15 टक्के. आणि जुलैतली दुपार, पाऊस थांबलेला, 32 अंश, आर्द्रता 80 टक्के. दोन्ही दिवशी निर्देशांक 86 च्या आसपास येतो. माणसाला जुलैत हायसं वाटतं, गाय मात्र मेइतकीच धापत असते. म्हणून “पाऊस पडला, आता पंखे काढून ठेवा” हे करू नका. ऑक्टोबरचा उकाड्याचा पंधरवडाही त्यातच धरा.

ताण आहे की नाही हे बघायला यंत्र लागत नाही. दुपारी तीनच्या सुमाराला गोठ्यात जा, आवाज न करता गायीच्या डाव्या बाजूला उभे राहा आणि शेवटच्या बरगडीमागची खळी किती वेळा हलते ते घड्याळ लावून मोजा. मिनिटाला 60 च्या वर गेली की गायीला ऊन लागतंय. 80 च्या पुढे, तोंड उघडं, लाळेची तार लोंबतेय, मान लांबवलेली, असं दिसलं तर त्या दिवशी बाकी कामं सोडून आधी पाणी मारा. आणखी एक खूण : ताणातली गाय बसत नाही. उभं राहिल्यावर अंगाला जास्त वारा लागतो म्हणून ती उभीच राहते, रवंथही कमी होतो. या उन्हाचा फटका दुधात त्याच दिवशी दिसत नाही, साधारण दोन दिवसांनी दिसतो. त्यामुळे शेतकऱ्याला वाटतं ढेप (पेंड) खराब आली, नाहीतर कोणाची नजर लागली.

आता तुमच्या 38 हजारांचा हिशेब. समजा नवतपा (मेअखेरचे कडक उन्हाचे नऊ दिवस) धरून मागचेपुढचे मिळून 60 दिवस दुधातल्या 8 गायी प्रत्येकी 3 लिटरने उतरतात. 1,440 लिटर झाले. 32 रुपयांनी 46,080. पंखे-फवारे लावले म्हणून सगळं दूध वाचेल असं मी म्हणणार नाही. निम्मं वाचलं असं धरा, 23 हजार. म्हणजे दोन उन्हाळ्यांत कोटेशन फिटलं, विजेचं बिल वेगळं. पण खरा तोटा दुधात नसतोच, तो गाभण राहण्यात असतो. उन्हात गायीचा माज मुका होतो, म्हणजे बाहेरून कळत नाही, दिसला तरी रेतन ठरत नाही, ठरलं तर सुरुवातीचा गर्भ टिकत नाही. माज दर 21 दिवसांनी येतो. वैरण, खुराक, मजुरी धरून गायीवर रोज 250 रुपये जात असतील, तर एक माज हुकला की 5,250 रुपये गेले. 8 गायींतल्या चौघींचे दोन-दोन माज उन्हाळ्यात हुकतात असं धरलं तरी तुमचं कोटेशन त्यातच निघतं. बाबूजींना हा आकडा दाखवा.

मात्र पंखे घ्यायच्या आधी भिंत पाडा. तीन बाजूंनी बंद गोठ्यात पंखा लावला तर तो गरम हवाच फिरवतो. भिंत अडीच-तीन फूट ठेवून वरचं बांधकाम काढा, हिवाळ्यात तिथे पोत्याचा पडदा सोडता येतो. पत्र्याला वरून चुना मारा, जमलं तर तणसाचा (भाताच्या पेंढ्याचा) जाड थर टाका, पण तो वाऱ्याने उडणार नाही असा बांधा. आगीचं भान ठेवा, वायर तणसाजवळून नेऊ नका. हे सगळं कोटेशनमध्ये नसतं, कारण यात दुकानदाराला काही मिळत नाही.

फवाऱ्याबद्दल एक फरक नीट समजून घ्या. धुक्यासारखे बारीक थेंब उडवणारे फॉगर कोरड्या मे महिन्यात छान चालतात. जूनमध्ये आर्द्रता वाढली की घरातला कूलर जसा निकामी होतो, तसेच फॉगरही होतात. उलट बंद गोठ्यात दमटपणा वाढवतात. त्यापेक्षा मोठ्या थेंबांचे फवारे घ्या. गायीची पाठ कातडीपर्यंत भिजली पाहिजे आणि मग पंख्याच्या वाऱ्याने वाळली पाहिजे. मिनिट-दोन मिनिटं पाणी, नंतर दहा-बारा मिनिटं नुसता वारा, पुन्हा पाणी. ही पद्धत मेमध्येही चालते आणि जुलैमध्येही. पाणी ओघळून कासेवर येईल इतकं मारू नका, सडांवरून घाण पाणी ठिबकलं की कासदाहाला आमंत्रण. टायमर लावा, कारण दुपारी दोन वाजता उठून नळ फिरवायला कोणी जात नाही.

वैरणीची वेळही बदला. उन्हाळ्यात दिवसाच्या चाऱ्याचा मोठा हिस्सा संध्याकाळी उशिरा आणि पहाटे टाका. चारा पचताना पोटात उष्णता तयार होते, ती दुपारी बारा वाजता तयार होऊ देऊ नये एवढंच. याला एक रुपया लागत नाही.

पाण्याबद्दल थोडक्यात. दुधात 87 टक्के पाणी असतं. दावणीच्या गायीला तुम्ही बहुधा सकाळ-संध्याकाळ बादली दाखवता. उन्हाळ्यात दुधाळ गाय दिवसाला 80 ते 100 लिटर पिऊ शकते, ती दोन बादल्यांवर कशी भागवेल? दोन गायींमध्ये एक अशी गव्हाणीशेजारी टाकी करा, आतून चुना मारलेली, सावलीत. काळी प्लास्टिकची टाकी उन्हात ठेवाल तर त्यातलं पाणी गाय हुंगून सोडून देईल. साऱ्या खर्चांत याच्याइतक्या लवकर वसूल होणारी दुसरी गोष्ट मी पाहिलेली नाही.

आता खालचं काँक्रीट. गाय दिवसातले दहा-बारा तास बसली पाहिजे. बसली की कासेकडे रक्त जास्त जातं, खुरांना विसावा मिळतो, रवंथ चांगला होतो. तुमची गाय बसते कशी ते एकदा शांतपणे बघा. आधी हुंगते, मग पुढचे गुडघे टेकवते, आणि त्या गुडघ्यांवर सगळा भार घेऊन मागचं अंग खाली सोडते. तीन-चारशे किलोच्या गायीचे गुडघे क्षणभर त्या काँक्रीटवर असतात. मऊ जागेवर हे सगळं झटक्यात होतं. काँक्रीटवर ती गुडघे वाकवते, पुन्हा उभी राहते, जागा बदलते, पुन्हा प्रयत्न करते. उठताना मागचा खूर गुळगुळीत जमिनीवर सटकतो. एकदा सटकली की पुढच्या वेळी ती बसायलाच घाबरते. मागच्या पायाच्या ढोपरावर बाहेरच्या बाजूने केस गेलेला चट्टा किंवा सूज दिसली तर समजा, हे रोज चाललंय. लंगडी गाय गव्हाणीकडे उशिरा जाते, कमी खाते, माजावर दुसरीवर चढत नाही, म्हणून माजही कळत नाही. रबरी मॅट हा उपाय आहे, पण 12 गायींना मॅट घेण्यापेक्षा काँक्रीटला खाचा पाडून घेणं आणि रात्री ढोरं मातीच्या जागेवर सोडणं मला जास्त बरं वाटतं.

मुक्त गोठा म्हणजे हेच. भारतीय मानकाप्रमाणे गायीला छताखाली 3.5 चौरस मीटर आणि उघड्यावर 7 चौरस मीटर जागा लागते. 12 गायींचे 126 चौरस मीटर, म्हणजे सव्वा गुंठा. बांबू किंवा जाळीचं कुंपण, मधे पाण्याची टाकी, एका बाजूला गव्हाण. पक्क्या गोठ्यापेक्षा हे स्वस्त पडतं, रोजचं शेण उचलणंही कमी होतं. मजूर मिळत नाही अशी तक्रार तुम्हीही करत असाल, तर हा फायदा लहान नाही. पण यातली गोम सांगतो. मुक्त गोठ्याचे जे व्हिडिओ तुम्ही बघता ते बरेचसे कमी पावसाच्या, मुरमाड मुलखातले असतात. आपल्याकडे काळी माती. जुलैत त्या सव्वा गुंठ्याची चिखलणी होते, गायी गुडघाभर चिखलात उभ्या राहतात, खुरांत जखमा, कास चिखलाने माखलेली. त्यापेक्षा दावणीची गाय सुखी. म्हणून मुरमाचा दीड-दोन फूट भराव, एका बाजूला उतार आणि भोवती चर, हा खर्च धरल्याशिवाय मुक्त गोठ्याचा विचार करू नका. तुमच्या पट्ट्यात बिबट्याचा वावर असेल तर रात्री वासरं कुंपणाच्या भरवशावर सोडू नका. शिंगाळ गायी एकत्र सोडल्या की दुबळीला गव्हाण मिळत नाही, तिच्यासाठी वेगळी जागा ठेवा. पुढच्या वासरांची शिंगं पहिल्या दोन-तीन आठवड्यांतच, भूल देऊन आणि मेलॉक्सिकॅमसारखं वेदनाशामक टोचून डॉक्टरकडून जाळून घ्या. तापलेल्या सळईने घरीच उरकणारे आहेत. वासरू पुढचे दोन दिवस धड पीत नाही, वजन मागे पडतं, आणि वाचवलेले पैसे तिथेच जातात.

धारेच्या वेळेबद्दल एवढंच. पान्हा सोडणारं ऑक्सिटोसिन गायीच्या मेंदूतून येतं आणि भीतीने ते अडतं. सड चोळल्यापासून पाच-सात मिनिटांत दूध निघालं पाहिजे. ओरडणारा, काठी आपटणारा गडी असेल तर गाय दूध चोरते, मग तुम्ही इंजेक्शन टोचता, मग तिला त्याचीच सवय लागते. 1960 च्या प्राणी क्रूरता प्रतिबंध कायद्याच्या 12 व्या कलमात दुधासाठी जनावराच्या तब्येतीला घातक असं काही टोचणं हा गुन्हा आहे. धारेनंतर सड औषधात बुडवा आणि लगेच गव्हाणीत चारा टाका, म्हणजे ती अर्धा तास उभी राहील. सडाचं तोंड तेवढा वेळ उघडं असतं. दर पंधरा दिवसांनी कासदाहाची वाटीतली चाचणी करा. बाहेरून काही न दिसणारा कासदाह जितकं दूध खातो तितकं चोरही नेत नाही.

आता परत न येणाऱ्या पैशाकडे येतो.

तुमच्या 8 गायी व्याल्या तर सरासरी 4 गोऱ्हे होतील. संकरित गोऱ्ह्याला वशिंड नसल्यात जमा, आपल्या उन्हात तो औताला टिकत नाही, शिवाय शेतात ट्रॅक्टर आहेच. 2015 पासून राज्यात गायीबरोबर वळू आणि बैलांच्या कत्तलीवरही बंदी आहे, म्हैसवर्ग त्या बंदीबाहेर आहे. त्यामुळे हल्याला, म्हणजे रेड्याला, भाव आहे, गोऱ्ह्याला नाही. कायदा बरोबर की चूक हा वाद इथे घालत नाही, गोठा चालवणाऱ्याला तो हिशेबात धरावाच लागतो. गावोगाव काय होतं हे तुम्हाला माहीत आहे. चीक पाजत नाहीत, आईचं दूध तोडतात, वासराला हगवण लागते आणि आठ-दहा दिवसांत ते “आपोआप” जातं. मग कातड्यात पेंढा भरून तेच गायीपुढे उभं करतात. मी याला दुर्लक्ष म्हणत नाही. हे ठरवून उपाशी मारणं आहे, आणि सगळ्या गोठ्यांतल्या क्रूरतेत मला हेच सर्वांत वाईट वाटतं. याला शहाणपणाचा आव आणू नये.

खर्च किती ते बघा. गोऱ्ह्याला अडीच महिने रोज पावणेतीन लिटरच्या आसपास दूध पाजलं तर 200 लिटर धरा, 6,400 रुपये. चौघांचे 25,600. त्यात तुमच्याकडे दोन भाकड गायी असतील आणि एकीवर नुसत्या कुटार-तणसावर रोज 100 रुपये जात असतील, तर वर्षाचे 73 हजार. दोन्ही मिळून 98,600. तुमच्या 8 गायी वर्षाला 20 हजार लिटर देत असतील तर लिटरमागे जवळपास 5 रुपये झाले. 2024 च्या सुरुवातीला सरकारने गायीच्या दुधाला लिटरमागे 5 रुपये अनुदान सुरू केलं तेव्हा त्यासाठी केवढी ओरड झाली होती आठवा. तेवढीच रक्कम तुमच्या गोठ्यात या जनावरांवर जाते, आणि ती कोणी वहीत लिहीत नाही. लिहीत नाही म्हणून वासरू उपाशी मरतं आणि भाकड गाय रात्री रस्त्यावर सोडली जाते.

लिंगनिश्चित रेतमात्रा वापरल्या तर दहातली नऊ वासरं कालवडी होतात. 8 वेतांत गोऱ्हा एखादाच. 19,200 रुपये वाचले, लिटरमागे जवळपास एक रुपया. मात्रा साध्यापेक्षा महाग असते आणि गर्भ ठरण्याचं प्रमाण थोडं कमी, म्हणून ती कालवडींना आणि पहिल्या-दुसऱ्या वेताच्या निरोगी गायींना, थंडीच्या दिवसांत वापरा. नवतप्यात वापरून “फेल गेली” म्हणू नका. मात्र कालवडी जास्त झाल्या म्हणजे सगळ्या ठेवायच्या असंही नाही. सहा-आठ महिन्यांची, चीक पाजलेली, लसी झालेली कालवड गावात चांगल्या भावाने जाते. चीक म्हणजे पहिल्या दोन तासांत वजनाच्या दहाव्या हिश्शाइतका, 30 किलोच्या वासराला 3 लिटर. गोऱ्ह्यालाही तेवढाच.

भाकड आणि म्हाताऱ्या गायींवर उपाय अवघड आहे, पण इथेच तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर आहे. परदेशी डेअरीत गाय तीन-चार वेतांत काढून टाकतात, कारण तिथे काढलेल्या गायीला मांसाचा भाव मिळतो. तिथले सल्ले, तिथला खुराक, 25-30 लिटरची स्वप्नं, सगळं त्या हिशेबावर उभं आहे. आपल्याकडे तो दरवाजाच नाही. गाय अडीच वर्षांची असताना व्याली आणि तीन वेतांत कासदाहाने, लंगडेपणाने किंवा गाभण न राहता उलटत राहिल्याने निकामी झाली, तर ती सहा वर्षांची असते. नैसर्गिक आयुष्य 15 वर्षं धरलं तर पुढची नऊ वर्षं ती बसून खाणार. तीच गाय सात वेतं टिकली तर अकरा वर्षांची होते आणि चारच वर्षं सांभाळावी लागते. वर कालवड वाढवून तिच्या जागी आणायचा खर्चही अर्ध्याने कमी. म्हणजे महाराष्ट्रातल्या गोठ्याचा नफा एका दिवसाच्या दुधापेक्षा गाय किती वेतं टिकते यावर जास्त ठरतो, आणि ती टिकते सावली, पाणी, कोरडी जागा, धड खूर आणि व्यायच्या आधीच्या 60 दिवसांच्या आटवणीवर, म्हणजे धार बंद ठेवण्यावर. व्यायच्या आदल्या आठवड्यापर्यंत धार काढणारे लोक पुढच्या वेताचं दूध आजच पिऊन टाकतात. बाबूजींच्या चोचल्यांचा हिशेब इथे लागतो.

सरकारी मदत म्हणाल तर सप्टेंबर 2024 मध्ये राज्याने देशी गायीला राज्यमाता-गोमाता घोषित केलं आणि गोशाळांतल्या देशी गायींसाठी रोज 50 रुपयांचं अनुदान ठरवलं. तुमच्या संकरित गायी त्यात बसत नाहीत. गोशाळेत सोडायची तर स्वतः जाऊन बघा, तिथे सावली आणि पाणी आहे का, गर्दी किती आहे. पावती फाडून गाय सोडली की आपलं पुण्य झालं असं समजणारे बरेच आहेत. आणि जिचा पाय मोडलाय, जी उठूच शकत नाही, पाठीला जखमा पडल्यात, तिला महिनोन् महिने तसं पडून ठेवण्याला मी दया म्हणत नाही. त्याच 1960 च्या कायद्याच्या 13 व्या कलमात अशा जनावराला यातनेतून सोडवायची तरतूद आहे, डॉक्टरला बोलावून विचारा.

म्हणून माझा सल्ला असा की 12 च्या 10 करा. चौथ्या-पाचव्या वेताच्या, अजून दुधात असलेल्या, पण माजावर उशिरा येणाऱ्या दोन गायी खोट न लपवता दुसऱ्या शेतकऱ्याला द्या. उरलेल्या दहांच्या वाट्याला तोच पंखा, तीच जागा, तोच हिरवा चारा जास्त येईल. दुधाच्या खर्चात साठ-सत्तर टक्के चाऱ्या-खुराकाचेच असतात, त्यामुळे दोन अर्धपोटी गायी कमी झाल्याने दूध फारसं उतरत नाही. आणि वहीत लिटरमागे 4-5 रुपये “भाकड आणि गोऱ्हे” म्हणून वेगळे काढा. 32 रुपयांत ते बसत नसतील तर धंद्याला तो भाव परवडत नाही असा त्याचा अर्थ. मग काही दूध थेट रतीबावर घालायचा विचार करा. शहर तासाभरावर आहे. “सुखी गायीचं दूध” म्हणून जास्त भाव मिळेल या भरवशावर मात्र राहू नका. गिऱ्हाईक एकदा गोठा बघून जातं, स्वच्छ वाटला तर टिकतं, पण रुपया वाढवून देताना हात आखडतं.

म्हशी आपल्या नागपुरी असतील तर बदलू नका. वेताला हजार-बाराशे लिटरच देतील, पण फॅट चांगली आणि हा मुलूख त्यांच्या ओळखीचा. म्हशीला घाम कमी येतो आणि कातडी काळी, त्यामुळे उन्हात डुंबायला डबकं नाहीतर दिवसातून तीन-चारदा पाणी हवंच. बैलजोडीबद्दल बाबूजींना सांगा : ओढकामाच्या जनावरांसाठीच्या 1965 च्या नियमांप्रमाणे तापमान 37 अंशांच्या वर असेल तर दुपारी 12 ते 3 जनावराला गाडीला किंवा ओझ्याला जुंपता येत नाही. एप्रिल ते जूनच्या मध्यापर्यंत आपल्याकडे जवळपास रोजच हे लागू पडतं. जुन्या लोकांना हा नियम नवा नाही, ते पहाटे औत धरून दहाला सोडतच होते.

ब्रॉयलरचं वेगळं आहे. करार पद्धतीत पिल्लं, खाद्य, औषधं कंपनीची, शेड आणि मेहनत तुमची, मोबदला वजनावर. किती पक्षी कोंबायचे आणि कधी उचलायचे यात तुमच्या भावाचं फारसं चालत नाही, मरतूक मात्र त्याच्या खिशातून जाते. तिथे पक्ष्याचं सुख आणि पैसा यांचा मेळ गोठ्याइतका सहज बसत नाही. शेड टाकायचंच असेल तर करारात लिहून घ्या की मार्च ते जून पक्षी कमी द्यायचे, एका चौरस फुटाऐवजी सव्वा ते दीड फुटाला एक. हे मान्य नसेल त्या कंपनीबरोबर काम करू नये, कारण मेच्या एका दुपारी वीज गेली की तीन तासांत अख्खी बॅच जाते. जनरेटरचा खर्च धरूनही परवडतंय का ते आधी पाहा.

सगळं एकदम करू नका. भिंत आणि पाण्याची टाकी या महिन्यात, चुना मार्चच्या आत, पंखे-फवारे फेब्रुवारीतच घ्या, एप्रिलमध्ये भाव चढतो आणि बसवणारा मिळत नाही. मुरमाचा भराव मेमध्ये टाका म्हणजे पावसाआधी दबेल. घटसर्पाची लस पावसाळ्याच्या तोंडाशी, लाळ्या-खुरकुताची वर्षातून दोनदा, सरकारी दवाखान्यात मिळते. गायींचे खूर साळून घ्या, नागपूरच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयाच्या दवाखान्यात चौकशी केलीत तर काम जाणणारा माणूस सापडेल. कोटेशन घेताना दुकानदाराकडून फॉगर लिहून घेतलंय की मोठ्या थेंबाचा फवारा, तेही परत एकदा बघा.